मात्र

भाऊसिंगजी रोडला कचेरीच्या भिंतीला टेकून
पत्र्याची छपरी, तिच्याखाली माझं टेबल.
एकतीस वर्षं दस्त लिहितोय.
रक्कम आधी अंकात, मग अक्षरात,
आणि शेवटी ‘मात्र’,
म्हणजे पुढं कुणी काही चिकटवू नये.

आदगोंडा मगदूम आला होता. बरोबर घेणारा.
रुमालाखाली बोटं धरून भाव आधीच ठरलेला,
जनावरांच्या बाजारात ठरतो तसा.
मौजे कवठेवाडी, वीस गुंठे,
पूर्वेस ओढा, पश्चिमेस पाणंद,
दक्षिणेस आक्काताई भ्रतार पारिसा मगदूम यांची जमीन.
“किती लिहू?”
“पाचाला ठरलंय. तक्त्यात बसतंय तेवढंच लिवा.”
तक्त्यात एक लाख ऐंशी हजार बसत होते.
बाकीचे खताच्या पिशवीतून
दुसऱ्या खताच्या पिशवीत गेले.
मी चहाकडे बघत राहिलो.
मुद्रांक वाचला, सगळे खूश.
मला वर शंभराची नोट आणि गुळाची एक ढेप.

अक्षरी रुपये एक लाख ऐंशी हजार मात्र.

दीड वर्षानं वळणरस्ता आला.
चुन्याच्या फक्क्या आल्या, साखळी आली,
दस्तगीर मोजणीदार छत्री उघडून उसातून फिरला.
आक्काताईचा अख्खा दीड एकर गेला.
निवाड्यात लिहिलं होतं:
विहीर एक, पक्की. नारळ चार. चिंच एक.
जांभूळ एक, जळणाच्या भावानं.
आणि जमिनीचा बाजारभाव,
शेजारच्या खरेदीदस्तावरून,
गुंठ्याला नऊ हजार.
शेजारचा दस्त म्हणजे माझा.
माझं वळणदार अक्षर,
ज्याचं मामलेदारसुद्धा कौतुक करायचे.

सीपीआरसमोरच्या कोर्टात वाढीव मोबदल्याचा दावा लागला.
मला सरकारच्या बाजूनं समन्स.
“अक्षर तुमचं?”
“माझं.”
“रक्कम?”
“दस्तात आहे ती.”
मग तिचा वकील उठला, पोरसवदा,
कोटाची बाही एका बाजूनं उसवलेली.
“आणि प्रत्यक्षात दिली ती?”
पंखा फिरत होता.
मागच्या बाकावर आदगोंडा टोपी गुडघ्यावर ठेवून,
त्याचाही उरलेला मळा त्याच रस्त्यात गेलेला,
त्यालाही तोच नऊ हजाराचा भाव.
तो माझ्याकडं बघेना.
मी त्याच्याकडं बघेना.
“दस्तात आहे तीच,” मी म्हणालो,
आणि शिरस्तेदारानं ते टंकून घेतलं.

कोर्टानं शेवटी गुंठ्याला अकरा हजार धरले.
वर दिलासा शेकडा तीस.
दिलासा, हा कायद्यातलाच शब्द आहे.
मी लिहिलेला नाही.

निकालाच्या दिवशी ती छपरीपाशी आली.
शिव्या देईल म्हणून मी चष्मा काढून ठेवला.
तिनं कागद पुढं केला: बँकेत खातं उघडायचंय,
अर्ज लिहा.
मी लिहिला. पैसे घेतले नाहीत.
तिनं पाचाची दोन नाणी टेबलावर ठेवली
आणि बोटानं माझ्याकडं सरकवली.
“रेट हाय न्हवं तुमचा? घ्या की मग.”

उठता उठता म्हणाली,
“लिवणार, एक इचारू?
सरकारी वकील तुमचा कागद वाचायचा
तवा दर बारीला शेवटाला एक शबूद म्हणायचा.
मात्र. त्याचा अर्थ काय वो?”

“म्हणजे एवढेच,” मी सांगितलं.
“संपलं. पुढं काही नाही.”

“असं व्हय,” ती म्हणाली.
पदर सारखा केला, पिशवी काखेत मारली.
“आमच्यात मात्र म्हटलं की
पुढं कायतरी असतंय.”

आणि सात नंबरची बस लागली होती, ती धावली.